तिसरं स्मरणपत्र

२३ जानेवारी २०२४

यमुनाबाईच्या निकालाची प्रत आज मी स्वतः कार्यालयात नेऊन दिली. आवक खिडकीवरची मुलगी मोबाईलमधून डोकं न काढता म्हणाली, "ठेवून जा, आजी."

"ठेवून जायला ही पेरूंची पाटी नाही. दुसऱ्या प्रतीवर शिक्का मार, तारीख घाल, सही कर. आणि सही वाचता येईल अशी."

तिने केली. मी निवृत्त होऊन दहा वर्षं होत आली, पण आवाज अजून शिल्लक आहे.

यमुनाबाई आमच्या कार्यालयात झाडायची, पाणी भरायची, फायली या टेबलावरून त्या टेबलावर न्यायची. १९८९ पासून चौदा वर्षं रोजंदारीवर. नोव्हेंबर २००३ मध्ये कायम झाली, मे २०१३ मध्ये निवृत्त झाली. कायम सेवा नऊ वर्षं, सहा महिने, वीस दिवस. पेन्शनला दहा लागतात. नऊ वर्षं नऊ महिने भरले तरी नियम दहा धरतो. तिला दोन महिने दहा दिवस कमी पडले आणि तेवढ्यासाठी तिची पेन्शन शून्य. येरवड्यात एका खोलीत नातीबरोबर राहते आणि सत्तराव्या वर्षी दोन घरची भांडी घासते.

कोर्टाने म्हटलंय, रोजंदारीची निम्मी वर्षं सेवेत धरा आणि आदेश मिळाल्यापासून बारा आठवड्यांत पेन्शन सुरू करा. खरं तर ते न्यायाधिकरण, पण आम्ही सगळे कोर्टच म्हणतो. मुंबईत पाच वर्षं खेपा घातल्यावर मिळालेला निकाल आहे.

निकालाच्या सहाव्या परिच्छेदात एक गोष्ट आहे. तिला कायम करण्याचा प्रस्ताव आस्थापना शाखेत ४ जून २००३ ला आला आणि आदेश निघाला १२ नोव्हेंबरला. मधले पाच महिने तो कुणाच्या टेबलावर कुजत पडला होता, हे विचारायला नको? जूनमध्येच निघाला असता तर या बाईला कोर्टाची पायरी चढावी लागली नसती. असल्या माणसांना हुडकून पिंजऱ्यात उभं केलं पाहिजे.

संध्याकाळी ती आली. "आता मिळंल न्हाई का, बाई?"

"न मिळायला काय झालं? कोर्टाचा हुकूम आहे, भिशी नाही."

१६ एप्रिल २०२४

बारा आठवडे आज संपले. खात्याकडून अक्षर नाही.

दुपारी वकील नम्रता शितोळेचा फोन. पोरगी हुशार आहे, पण श्वास न घेता बोलते. म्हणाली, "मॅडम, अवमानाचा अर्ज टाकू या. मुदत संपली. मात्र त्यात नुसतं पद चालत नाही, अधिकाऱ्याचं नाव घालावं लागतं. सध्या तिथे अनिरुद्ध सप्रे आहेत."

अनिरुद्ध! १९९९ मध्ये माझ्या हाताखाली कनिष्ठ लिपिक म्हणून आला तेव्हा त्याला टिपणीला समास सोडायचा माहीत नव्हता. मी घडवलेला माणूस आहे तो.

"आधी स्मरणपत्र पाठवू," मी म्हटलं.

"कोर्टाच्या हुकमाला कसलं स्मरणपत्र, मॅडम?"

"तुम्ही कोर्टातल्या, मी कार्यालयातली. तिथे तीन स्मरणपत्रं गेल्याशिवाय फाइल अंग हलवत नाही. दोन साधी आणि तिसरं हाती द्यायचं. मी छत्तीस वर्षं हेच केलंय."

ती म्हणाली, "ठीक आहे. पण वर्षाच्या आत या. वर्ष उलटलं की अवमानाचा अर्ज कोर्ट ऐकत नाही."

"मुदती मला शिकवू नका," असं म्हणून मी फोन ठेवला. वकिलांना कोर्टात पळायची घाई असायचीच. त्यांची तर ती दुकानं आहेत.

२० एप्रिल

अनिरुद्धचा फोन आला, आपणहून.

"मॅडम, निकालाच्या पाकिटावरचं अक्षर बघितलं आणि खुर्चीतून उठून उभाच राहिलो. म्हटलं, गुप्ते मॅडम!"

"उभं राहायचं सोड आणि पेन्शन काढ."

"काढतोच आहे. वित्त विभागाचा अभिप्राय मागवलाय. तेवढं कोर्टात माझं नाव नको, मॅडम. बढतीची यादी तोंडावर आहे. एवढं सांभाळून घ्या. तुमच्याशिवाय कोणाला सांगणार?"

मी म्हटलं, माझ्या माणसाला मी कोर्टात ओढत नाही. त्याला बरं वाटलं. खरं सांगायचं तर मलाही. निवृत्तीनंतर त्या कार्यालयातून मला पहिल्यांदा कुणी मॅडम म्हणालं.

१७ जून

पहिलं स्मरणपत्र. सही यमुनाबाईची, मजकूर माझा. "मा. न्यायाधिकरणाच्या आदेशाचे पालन करण्याची मुदत दि. १६ एप्रिल २०२४ रोजी संपुष्टात आली असून आदेशाचा भंग झालेला आहे, ही बाब निदर्शनास आणण्यात येते." तारीख मुद्दाम ठळक अक्षरांत. शाळेत सिस्टर बर्नाडेट म्हणायच्या, तक्रार करायची तर दिवस, वार आणि वेळ सांगून करा, नाहीतर ते रडगाणं होतं. मी कॉन्व्हेंटमधून आले म्हणून कार्यालयातले लोक सुरुवातीला हसायचे, हिला मराठी टिपणी काय जमणार. दोन वर्षांत तेच माझ्याकडे मसुदे तपासायला आणू लागले.

१२ ऑगस्ट

उत्तर आलं. "उपरोक्त विषयान्वये कळविण्यात येते की, प्रस्तुत प्रकरणी कार्यवाही सुरू असून यथावकाश आपणास अवगत करण्यात येईल."

पत्र उत्तम आहे. एक शब्द इकडचा तिकडे नाही. पत्राला उत्तर द्यायचं, पण त्यात तारीख द्यायची नाही, हे मीच त्याला शिकवलं होतं. विद्या वाया गेली नाही म्हणायची.

११ ऑक्टोबर

खंडेनवमी. यमुनाबाई झेंडूची फुलं घेऊन आली. कार्यालयात दर वर्षी या दिवशी टेबलं, कपाटं, टाइपरायटर, सगळ्यांना ती फुलं वाहायची. आज माझ्या डायनिंग टेबलावरच्या तिच्या फायलीवर एक फूल ठेवलं आणि हात जोडले.

मी म्हटलं, "आता तिथे फायली नाहीत. सगळं संगणकात. ई-ऑफिस."

"मंग फडका कशावर मारत्यात?"

मला हसू आलं. तिला अक्षर वाचता येत नाही, पण आख्ख्या कार्यालयात कुठली फाइल कुठे आहे हे तिला विचारावं लागायचं. कव्हराच्या रंगावरून, नाडीच्या गाठीवरून ओळखायची. साहेब मीटिंगमधून ओरडायचे, "यमुनाबाई, ती पाणीपुरवठ्याची!" आणि ती डोळे झाकून काढून द्यायची.

चहा पिताना म्हणाली, "गुडघं लई दुखत्यात, बाई. पेन्शन आली की एक घर सोडनार."

"दोन्ही सोडा."

"एकच सोडते. दुसऱ्या घरची म्हातारी चांगली हाय."

९ डिसेंबर

दुसरं स्मरणपत्र. पोचवायला यमुनाबाईची नात सृष्टी बरोबर होती. बी.कॉम.ला आहे, कानात सतत ती बोंडं. रिक्षात म्हणाली, "मॅडम, राग येऊ नका देऊ, पण हा माणूस तुम्हाला खेळवतोय. इट्स सो ऑब्व्हियस. नुसता टाइम काढतोय."

"त्याला मी तू जन्मायच्या आधीपासून ओळखते."

"म्हणूनच ना," असं पुटपुटली आणि बोंड परत कानात घातलं. आजची मुलं कुणावर विश्वासच ठेवत नाहीत. कठीण आहे.

२८ जानेवारी २०२५

दुसरं उत्तर. "प्रकरण शासनाकडे मार्गदर्शनार्थ सादर करण्यात आले आहे." म्हणजे हललं! शासनाकडे गेलं म्हणजे अर्धं झालं.

शितोळे बाईचा मेसेज: "मॅडम, एप्रिल जवळ येतोय. एकदा येऊन जा."

आता मी इथे नीट लिहून ठेवते, म्हणजे मनात घोळ नको. पत्रव्यवहार चालू असेतो प्रकरण जिवंत. शेवटच्या पत्रानंतर वर्षभर काही हालचाल झाली नाही तरच फाइल अभिलेख कक्षात जाते. म्हणजे वर्ष आजच्या पत्रापासून धरायचं. जानेवारी २०२६ पर्यंत आपण सुरक्षित. तिसरं स्मरणपत्र अजून हातात आहे. तिला उत्तर पाठवलं, "काळजी नसावी. पत्रव्यवहार सुरू आहे."

मग तिचा फोन आला. मी घेतला नाही. लहान मुलीला समजवावं तसं मला समजावत बसते.

९ मार्च

रविवार. अनिरुद्ध घरी आला, स्ट्रॉबेरीची पेटी घेऊन. वाकून नमस्कार केला. डोक्यावर टक्कल, पोट सुटलंय, पण उपमा पूर्वीसारखाच दोन प्लेट खाल्ला. यमुनाबाई आलीच होती, तिनेच केला. त्याने तिलाही विचारलं, "काय मावशी, बरं आहे ना?" तिने मान हलवली.

"वकील बाई काय म्हणतायत?" त्याने विचारलं.

"मी तिला फिरकू देत नाही. तुझं नाव कागदावर येणार नाही म्हटलं ना?"

"मॅडम, तुम्ही देव आहात. फक्त मार्च एंड जाऊ द्या. एप्रिलअखेर ऑर्डर हातात देतो. मी स्वतः आणून देतो."

मग जुन्या गोष्टी निघाल्या. "तुमच्या टेबलावरून फाइल सहज सुटली असं कधी झालं नाही," तो म्हणाला. "तीन-तीनदा परत करायचात. आम्ही घाबरायचो."

"म्हणून तर माझी एकही फाइल वरून परत आली नाही. ह्या यमुनाबाईचाच कायम करण्याचा प्रस्ताव घे. पहिल्यांदा जन्मतारखेचा दाखला नव्हता. मग फोटो साक्षांकित नव्हता. मग पृष्ठक्रमांक पेन्सिलीने टाकलेले होते, म्हणून परत शाईने टाकायला लावले. पण गेला तो असा गेला की साहेबांनी न वाचता सही केली. पाच वर्षं कोर्टात त्यातल्या एका कागदावर कुणाला बोट ठेवता आलं नाही."

"मानलं, मॅडम," तो म्हणाला.

यमुनाबाई ओट्याशी चहा गाळत होती. मी म्हटलं, "आठवतं ना, यमुनाबाई?" तिने पाठमोरीच मान हलवली. तिला ऐकू कमी येतं हल्ली.

१६ एप्रिल

विशेष काही नाही. पंख्याचा कपॅसिटर बदलून घेतला. मार्केट यार्डाकडे कलिंगडांच्या गाड्यांची रांग लागलीय, रिक्षाला इथून वळायला वीस मिनिटं लागली.

१२ मे

एप्रिल गेला. अनिरुद्धचा फोन नाही. पूर्वी पंधरा दिवसांनी तरी यायचा. मी तीनदा केला, उचलला नाही. तब्येत बरी नसेल. या वयात सगळ्यांना शुगर.

९ जून

तिसरं स्मरणपत्र घेऊन स्वतः गेले. कोरा पांढरा कागद, समास सोडलेला, तीन प्रती. आवक खिडकीवर तीच मुलगी. म्हटलं, सप्रे साहेबांच्या हातात द्यायचंय.

"सप्रे साहेब? ते गेले की नागपूरला. प्रमोशन झालं ना त्यांचं. एकवीस एप्रिलला सोडलं इथून."

"त्यांच्या जागी कोण?"

"कुणीच नाही अजून. चार्ज इकडे-तिकडे आहे."

मी तिथल्या बाकावर बसले. तोच बाक, ज्यावर लोक माझ्याकडे चकरा मारायचे तेव्हा बसून राहायचे. मी काचेतून बघायचे आणि आधी हातातलं टिपण संपवायचे. बाक एवढा कडक असेल असं वाटलं नव्हतं.

स्मरणपत्र दिलं. शिक्का घेतला.

१० जून

नम्रता शितोळेच्या ऑफिसात गेले, शिवाजीनगरला कोर्टामागे. जिना अरुंद. तिने काही बोलून दाखवलं नाही, पाणी दिलं. मी फाइल समोर ठेवली. सूची, पृष्ठक्रमांक, शिक्के. म्हटलं, आता टाका अवमानाचा अर्ज, आणि सप्रेचं नाव घाला. ठळक अक्षरांत घाला.

तिने कागद चाळले. मग पहिल्या स्मरणपत्रापाशी थांबली आणि फार हळू म्हणाली, "मॅडम, सोळा एप्रिलला संपली."

"काय संपली?"

"वर्षाची मुदत. यंदाच्या सोळा एप्रिलला."

"शेवटचं पत्र अठ्ठावीस जानेवारीचं आहे! वर्ष कुठे झालं?"

"पत्रांनी मुदत वाढत नाही, मॅडम. हुकूम ज्या दिवशी मोडला तो दिवस धरतात. तो एकच असतो. त्यानंतर त्यांनी शंभर पत्रं लिहिली तरी तो पुढे सरकत नाही." मग म्हणाली, "तुम्ही फोन तरी घ्यायचात."

मी तिला म्हटलं की कायदा मूर्ख आहे. ती म्हणाली, असेल. मी म्हटलं की सप्रेला हे माहीत नसेल. तिने माझ्याकडे बघितलं. त्या बघण्यात दया होती आणि ती मला सहन झाली नाही. काल सकाळपर्यंत मला वाटत होतं की तो आजारी असेल.

"तरी टाकू," ती म्हणाली. "पेन्शन दर महिन्याला बुडतेय, म्हणजे भंग रोज नव्याने होतोय, असं मांडून बघू. ऐकतील याची खात्री नाही."

घरी येऊन लक्षात आलं, छत्री तिथेच राहिली.

११ जून

नऊ मार्चला तो आला होता. स्ट्रॉबेरी घेऊन. सोळा एप्रिलला अडतीस दिवस उरले होते, आणि तो माझ्या टेबलाशी बसून मला विचारत होता, वकील बाई काय म्हणतायत. आणि मी सांगितलं. मी त्याला उपमा वाढला.

२ जुलै

अर्ज दाखल. यमुनाबाईला सांगितलं की आता त्या लोकांना कोर्टात खेचलंय. मुदतीचं सांगितलं नाही. तिला काय कळणार त्यातलं?

"म्हंजी सप्रेसायबाला शिक्षा व्हईल?" तिने विचारलं.

"व्हायलाच हवी."

"नको बाई. लेकराबाळांचा मानूस हाय. मला पेन्शन मिळाली म्हंजी झालं."

३ ऑक्टोबर

काल दसरा झाला. यमुनाबाई आली नाही. सृष्टीचा फोन: आजी पडली, गुडघ्याला सूज, एका घरचं काम सुटलं. म्हाताऱ्या बाईंकडचं.

४ नोव्हेंबर

मुंबईहून आत्ता आले. पहाटेच्या बसने गेले, बरोबर नम्रता. यमुनाबाईला नेलं नाही. गुडघ्याचं निमित्त मीच पुढे केलं.

पुकारा साडेतीनला झाला. सगळं मिळून चार मिनिटं. मी भिंतीवरच्या घड्याळात बघत होते.

नम्रता चांगली बोलली. रोज भंग होतोय, हे तिने नीट मांडलं. मग सरकारी वकील उठला. त्याच्या हातात एक निळं कव्हर होतं. त्यातून त्याने माझं पहिलं स्मरणपत्र काढलं. माझं. वाचून दाखवलं: "मुदत दिनांक सोळा एप्रिल दोन हजार चोवीस रोजी संपुष्टात आली असून आदेशाचा भंग झालेला आहे." म्हणाला, अर्जदाराला भंगाची तारीख पहिल्या दिवसापासून पक्की ठाऊक होती, हे तिच्याच पत्रांवरून दिसतं. इतकी सुस्पष्ट पत्रं क्वचित पाहायला मिळतात. कोर्टात दोघं-तिघं हसले.

न्यायाधिकरणाच्या सदस्यांनी विचारलं, "मग वर्षभर काय केलं?"

नम्रताला उत्तर द्यावं लागलं. "स्मरणपत्रं पाठवली, सर."

अर्ज मुदतबाह्य म्हणून फेटाळला. मूळ आदेश कायम आहे, त्याच्या अंमलबजावणीसाठी अर्जदाराने हवा तर वेगळा अर्ज करावा.

परतीच्या बसमध्ये मी विचारलं, त्याला किती वेळ लागेल. ती म्हणाली, "दीड वर्ष. दोनही धरा. वर ते आव्हान देतील, ते वेगळं." यमुनाबाई बाहत्तर वर्षांची आहे.

५ नोव्हेंबर

फी घेणार नाही म्हणते शितोळे. मी चेक पाठवला. तिने परत पाठवला. माझ्यावर उपकार करणाऱ्यांत आता तीही.

७ नोव्हेंबर

यमुनाबाईचा फोन. "काय झालं बाई कोर्टात?"

मी काय सांगणार होते हे तीन दिवस पाठ केलं होतं. तोंडातून भलतंच आलं. म्हटलं, "कार्यवाही सुरू आहे."

ती "बरं" म्हणाली.

१० नोव्हेंबर

आज निकालाचा सहावा परिच्छेद पुन्हा वाचला. ४ जून ते १२ नोव्हेंबर २००३.

जन्मतारखेचा दाखला: जुलै. साक्षांकित फोटो: ऑगस्ट. पृष्ठक्रमांक शाईने:

पुढे लिहीत नाही.

१५ नोव्हेंबर

यमुनाबाई आल्या होत्या. दोन बस बदलून, काठी टेकत, जिन्यात तीनदा बसत. मी दार उघडलं तर दम लागलेला. पाणी दिलं. खुर्चीत बसा म्हटलं. आजवर त्या माझ्यासमोर जमिनीवरच बसत आल्या आणि मी कधी खुर्ची पुढे केली नाही. आज बसल्या, कारण गुडघा वाकत नव्हता.

मी सुरुवात केली. "यमुनाबाई, आता अजून एक अर्ज करायचा आहे..."

"सृष्टीनं मोबाईलवर बघितलं, बाई. त्याच दिवशी. निकाल लागला म्हनं."

फोनवर "बरं" म्हणाल्या तेव्हा त्यांना ठाऊक होतं.

मी सांगून टाकलं. सगळं सांगितलं. मुदत माझ्यामुळे गेली, वकील बोलावत होती आणि मी गेले नाही, सप्रेवर विश्वास ठेवला. त्या ऐकत होत्या. मध्ये फक्त एकदा म्हणाल्या, "रडू नका." मी रडत नव्हते. निदान तोवर नव्हते.

मग मला राहवलं नाही. मी विचारलं, "यमुनाबाई, तुमचा तो कायम व्हायचा प्रस्ताव. दोन हजार तीनचा. तो कुठे होता, तुम्हाला माहीत होतं?"

"व्हय की." त्यांना त्यात काही विशेष वाटलं नाही. "तुमच्या टेबलावर. उजव्या अंगाला, खालून तिसरी. गुलाबी कवर, नाडीला दोन गाठी. मी रोज फडका मारायची की तिच्यावर."

"रोज?"

"पावसाळाभर. मधनं दोन-तीनदा दुसऱ्या टेबलावर गेली अन् परत आली. खंडेनवमीला समद्या टेबलांना फुलं वाहिली तवा एक झेंडू तिच्यावर बी ठिवला. दिवाळीच्या मागनं हालली."

"मग मला बोलला का नाहीत? एका शब्दाने विचारायचं होतं. माझी फाइल आहे, बाई, बघा."

त्यांनी माझ्याकडे अशा नजरेने पाहिलं की हा प्रश्नच त्यांना कळला नाही.

"तुम्हाला कसं इचारनार? म्हनलं, बाई करत असतील." मग म्हणाल्या, "आता बी तसंच म्हनलं."

खाली यार्डाकडे जाणारा टेंपो हॉर्न वाजवत होता. मला म्हणायचं होतं की नवा अर्ज मी उद्याच करते, की मी हे सोडणार नाही. यातलं प्रत्येक वाक्य मी लोकांना काचेपलीकडून ऐकवलेलं आहे.

अंधार पडायच्या आत जायला हवं म्हणून त्या उठल्या. काठी सापडेना, ती टेबलाला टेकवलेली होती. काठी घेताना त्यांची नजर फायलीवर गेली. गेले पाच दिवस मी तिला हात लावला नव्हता, वर धूळ बसली होती. त्यांनी पदराचं टोक हातात घेतलं आणि कव्हरावरून फिरवलं, आधी मधून, मग चारी कडांनी, सवयीने. मग ती उचलून टेबलाच्या उजव्या बाजूला सारखी करून ठेवली.

"येते बाई," म्हणाल्या.